स्वतःचें घर आणि परक्याची ओसरी

मुंबईच्या उपनगरांत राहणाऱ्या आमच्या सुशिक्षित मध्यमवर्गाचा एक गुण सर्वमान्य आहे: भाड्याच्या घरावर त्याचा विश्वास नाहीं. गिरगांव-दादरच्या चाळी सोडून अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड गांठणाऱ्यांनीं वीस-वीस वर्षें कर्जाचे हप्ते फेडले, पण दारावर आपल्या नांवाची पाटी लावली. हाच वर्ग आपल्या लेखनाच्या आणि छायाचित्रांच्या बाबतींत मात्र परक्याच्या ओसरीवर आनंदानें बिऱ्हाड करून राहतो, याचें आम्हांस मोठें नवल वाटतें.

ही ओसरी केव्हां मोडेल याचा नेम नसतो. जिओसिटीज ही असंख्य लोकांची विनामूल्य वसाहत २००९ सालीं मोडली. आमच्या तरुण-तरुणींनीं गजबजलेलें ऑर्कुट २०१४ सालीं बंद झालें, आणि गूगल प्लस २०१९ सालीं. आगाऊ सूचना मिळाली, मुदत मिळाली, हें खरें. परंतु घरमालकानें मुदत दिली म्हणून भाडेकरूचा मालक होत नाहीं.

आमचें म्हणणें असें कीं, ज्या घरांत जुना संगणक धूळ खात पडला आहे, त्या घरानें आपला वेब सर्व्हर आपणच चालवावा. नांव भारदस्त असलें तरी वस्तु साधी आहे. मागणारा आला कीं मागितलेलें पान त्याच्या हातीं द्यावें, एवढेंच काम करणारी ती आज्ञावली. टिम बर्नर्स-ली यांनीं १९९० सालीं जिनीव्हाजवळच्या सर्न संस्थेंत जगांतील पहिला वेब सर्व्हर चालविला, तो टेबलावरच्या एका संगणकावरच. कोणी चुकून बंद करूं नये म्हणून त्यावर तांबड्या शाईची चिठ्ठी डकविली होती. पुढें लाइटटीपीडी (२००३) व एनजिनएक्स (२००४) निघाले, ते थोड्या सामग्रींत मोठ्या पंक्तीला पानें वाढण्यासाठींच. आणि दोन्ही विनामूल्य मिळतात. पांच वॅटचा चिमुकला संगणक महिनाभर अहोरात्र चालला तरी वीज लागते ३.६ युनिट. मजकुराचें ओझें तरी किती? यूटीएफ-८ पद्धतींत देवनागरीचें एक चिन्ह तीन बाइट जागा घेतें. म्हणजे आजोबांचें दोन लाख चिन्हांचें आत्मवृत्त सहा लाख बाइटांत मावतें. नातवाच्या मुंजीचें एकच छायाचित्र याहून अधिक जागा अडवितें!

मग अडतें कोठें? अडतें दाराशीं. जुन्या पद्धतीचे आंतरजाल-पत्ते मुळांत सुमारे ४२९ कोटी. त्यांचा मध्यवर्ती सांठा फेब्रुवारी २०११ मध्यें संपला. म्हणून पुष्कळ कंपन्या अनेक घरांना मिळून एकच पत्ता देतात. चाळींतल्या साऱ्या बिऱ्हाडांना एकच पत्ता असावा. धाडलेल्या पत्राचें उत्तर तेवढें परत यावें, पण बाहेरच्यानें आपण होऊन पत्र घातलें तर तें कोणत्या खोलीचें हें टपालवाल्यास कळूं नये, तशी ही स्थिति. असा ग्राहक घेऊं शकतो, देऊं शकत नाहीं. टंचाई खरी होती, हें आम्ही मान्य करतों. परंतु नव्या आयपीव्ही-६ पद्धतींत पत्त्यांना तोटा नाहीं, आणि तिच्या प्रसारांत भारत अग्रेसर देशांपैकीं एक आहे. तरीहि घरचा राउटर आगंतुकाला उंबऱ्यावरूनच परत लावतो. सुरक्षिततेसाठीं तें योग्यच. पण कडी काढण्याचा अधिकार घरच्या माणसाकडे नको काय?

आक्षेपक म्हणतील, अशानें चोर शिरतील. दार सताड टाकल्यास शिरतील खरे! म्हणून त्या संगणकावर बँकेचे कागद ठेवूं नयेत, केवळ वाचावयाचीं पानें ठेवावीं. आज्ञावली वेळोवेळीं अद्ययावत् करावी, आणि एक प्रत अन्यत्र जपावी. दुसरे म्हणतील, वीज गेली तर पान दिसणार नाहीं. न दिसो! कुटुंबाचा इतिहास हें कांहीं दुकान नव्हे. वाचक दोन तासांनीं पुन्हा येईल. तिसरे विचारतील, मुलुंडहून खाडीचा पूल ओलांडला कीं ऐरोलीस मोठमोठीं डेटा सेंटरें उभीं आहेत, मग हा खटाटोप कशाला? व्यापाऱ्यानें खुशाल तेथें जावें. पण गांवांत कोठार आहे म्हणून घरांत फडताळ असूं नये, हा न्याय कोठला?

विदेश संचार निगमानें आंतरजाल सर्वसामान्यांस खुलें केलें तें १५ ऑगस्ट १९९५ रोजीं. स्वातंत्र्यदिनीं उघडलेलें हें दार तीस वर्षांनंतरहि बहुतेक घरांना एकाच बाजूनें उघडतें, आणि त्याची कोणास खंत नाहीं! वाचकांनीं प्रथम घरांतल्या घरांत प्रयोग करावा: एका संगणकावर ठेवलेलें पान दुसऱ्या खोलींतील फोनवर उघडून पाहावें. तें उघडलें म्हणजे कंपनीला लेखी विचारावें कीं, दरमहा पैसे मोजणाऱ्या आमच्या घराला स्वतःचा पत्ता देणार कीं नाहीं? पाटीसाठीं ज्यांनीं वीस वर्षें हप्ते भरले, त्यांना एवढा प्रश्न विचारणें जड जाऊं नये.