गुलाबी राजकन्या आणि कुऱ्हाड

फेब्रुवारी उजाडला की इथे अमेरिकेत आमच्या लायब्ररीतला मुलांचा कोपरा एकदम गुलाबी होऊन जातो. दर्शनी टेबलावर बदाम, चमकी आणि राजकन्या! व्हॅलेंटाइन डे आला ना. माझी लेक सहा वर्षांची. गेल्या आठवड्यात तिने अशी पाच पुस्तकं उचलून आणली आणि पाचही मला मोठ्याने वाचावी लागली, त्यामुळे कुरकुर करायचा हक्क मी कमावलेला आहे :)

माझा राग प्रेमावर नाही, हे आधीच सांगून टाकते. मुलांना प्रेमाच्या गोष्टी जरूर सांगाव्यात. राग याचा आहे की या पुस्तकांत राजकन्येला काही कामच नसतं. कार्ड येईल का, झगा कुठला घालू, तो नाचायला बोलावेल का... आणि शेवटच्या पानावर हातात हात. बास.

जुन्या गोष्टी अशा नव्हत्या हो. ग्रिम बंधूंच्या बेडकाच्या गोष्टीत राजकन्या त्याचा मुका घेत नाही, वैतागून त्याला भिंतीवर आपटते आणि मग त्याचा राजपुत्र होतो! त्यांची स्नो व्हाइटसुद्धा चुंबनाने उठत नाही. पेटी वाहणारे ठेचकाळतात आणि त्या हिसक्याने घशातला सफरचंदाचा तुकडा बाहेर पडतो. चुंबनाने उठते ती डिस्नेच्या १९३७ च्या सिनेमातली. सणाच्या पुस्तकांनी नेमकं तेवढंच उचललं.

हेच जरा मोठ्या मुलींसाठी चांगलं करता येतं. मेग कॅबटच्या 'प्रिन्सेस डायरीज' मालिकेत व्हॅलेंटाइन डेवरचं एक छोटं पुस्तक आहे, २००६ चं. त्यातल्या मियाला या दिवसाचं भारी अप्रूप आणि तिच्या मित्राला तो निव्वळ बाजारूपणा वाटतो. दोघांना आपापलं मत आहे, म्हणून तिथे गोष्ट आहे.

आता घरच्या मंडळींकडे वळते. फोनवर हे सगळं सांगितलं की सल्ला ठरलेला. "अगं, कशाला ती गोऱ्यांची थेरं? आपली सावित्री सांग ना तिला!"

सांगते की. पण कुठली सावित्री? वटपौर्णिमेची जी आपण मुलांना सांगतो, तिच्यात नवरा वडाखाली पडलेला, बायको हात जोडून बसलेली आणि मागणं सात जन्मांचं. हीसुद्धा सणापुरती कापून घेतलेली राजकन्याच! गुलाबीच्या जागी हिरवं नऊवारी, एवढाच फरक.

महाभारताच्या वनपर्वातली सावित्री वेगळीच बाई आहे. मद्र देशाच्या अश्वपती राजाची मुलगी. बाप म्हणतो, तुझा वर तूच शोध, आणि ती रथात बसून निघते. निवडते कुणाला, तर राज्य गेलेल्या आंधळ्या राजाच्या, रानात राहणाऱ्या मुलाला. नारद सांगतो की हा बरोबर वर्षाने मरणार. बाप म्हणतो, दुसरा बघ. ती नाही म्हणते. (हे 'नाही' आपल्या किती घरांत चालेल? मुलीने स्वतः निवडलेला, वर गरीब, वर पत्रिकेत मृत्यू! असो.)

पुढे यमाशी जे होतं ते तर निव्वळ डोकं. ती त्याच्या मागे चालत राहते आणि बोलत राहते. तो खूश होऊन वर देत जातो, फक्त नवऱ्याचा जीव सोडून. सासऱ्याचे डोळे घेतले, राज्य घेतलं, बापाला मुलगे घेतले, मग म्हणाली, सत्यवानापासून मला शंभर मुलगे दे. यम 'दिले' म्हणून बसला आणि शब्दात सापडला. सात जन्मांचं मागणं यात कुठेच नाही.

लेकीला ही गोष्ट सांगितली तर तिने तीनदा पुन्हा सांगायला लावली. तिला यमापेक्षा शेवट जास्त आवडला. रात्र पडलेली, सत्यवानाला चालवत नाही. सावित्री त्याचा हात आपल्या खांद्यावर घेते, त्याची कुऱ्हाड स्वतः उचलते आणि अंधारातून त्याला घरी नेते.

ज्येष्ठात कुणी मुलांसाठी सावित्रीचं पुस्तक काढणार असेल, तर मुखपृष्ठावर हे चित्र टाका. कुऱ्हाड तिच्या हातात.