पहिला बोलपट आणि त्याचा निर्माता

हिंदी बोलपटाचा इतिहास सांगावयाचा म्हटला, कीं आमचे लेखक १४ मार्च १९३१ ही तारीख, मुंबईंतील मॅजेस्टिक सिनेमागृह आणि ‘आलम आरा’ हें नांव एका दमांत उच्चारतात, व अर्देशीर इराणी यांना ‘बोलपटाचे जनक’ ही पदवी देऊन मोकळे होतात. दुसरा पक्ष याहूनहि उतावळा आहे. त्याच्या मतें इराणी हे निव्वळ धंदेवाले गृहस्थ. पारशी रंगभूमीवरील एक नाटक त्यांनीं पडद्यावर आणलें, त्यांत सात गाणीं घातलीं, आणि आपल्या चित्रपटाला गाण्याची खोड जडली ती कायमची. आम्हांला हे दोन्ही पक्ष सारखेच अमान्य आहेत.

पहिलेपण हा मुळीं गुणच नव्हे. कलकत्त्याची मादन कंपनी त्याच खटपटींत होती आणि तिचा ‘शिरीन फरहाद’ त्याच सालीं लागला. थोडे आठवडे इकडचे तिकडे झाले असते, तर हा हार दुसऱ्याच्या गळ्यांत पडला असता. पंचांगावर अवलंबून असलेल्या कीर्तीला आम्ही कर्तृत्व म्हणण्यास तयार नाहीं.

कर्तृत्व पाहावयाचें तर तें दुसरीकडे आहे. इंपीरियल कंपनीच्या स्टुडिओजवळून आगगाडीचे रूळ जात; दिवसा आवाज घेणें अशक्य, म्हणून चित्रण रात्रीं चाले. यंत्र असें, कीं चित्र व ध्वनि एकाच फितीवर एकाच वेळीं उमटावयाचे. मागाहून दुरुस्तीची सोय नाहीं. वादकांना चौकटीबाहेर दडवून बसवावें लागे. नायक मास्टर विठ्ठल हे मूकपटांतील मोठे नांवाजलेले नट, परंतु त्यांची हिंदुस्थानी कच्ची. तेव्हां त्यांच्या तोंडीं बोलणेंच बेताचें ठेवलें. (बोलपटाचा नायक न बोलणारा, याची थट्टा पुष्कळांनीं केली आहे, असलेल्या सामग्रींतून काम उठविणें यालाच निर्मात्याचें कसब म्हणतात, हें मात्र कोणी म्हणत नाहीं.)

गाण्यांचा आक्षेप तर अगदींच वरवरचा आहे. मूकपटाला भाषेची अडचण नव्हती. मधल्या पाट्या बदलल्या कीं तो पेशावरपासून मद्रासेपर्यंत चाले. चित्र बोलूं लागतांच त्याचा मुलूख एकदम आंखडला. आतां बोलावयाचें तें कोणत्या भाषेंत? हा प्रश्न कलेचा खरा, पण तितकाच दुकानाचाहि. आणि तो सोडविणें दिग्दर्शकाच्या नव्हे, निर्मात्याच्या कपाळीं येतें. इराणी यांनीं सोपी हिंदुस्थानी निवडली, व जेथें शब्द पोंचणार नाहींत तेथें गाणें पोंचेल असा अदमास बांधला. तेवढ्यावर ते थांबले नाहींत. १९३१ सालींच त्यांनीं एच. एम. रेड्डी यांच्याकडून तमिळ-तेलुगु ‘कालिदास’ काढविला. १९३३ सालीं अब्दुल हुसेन सेपंता यांच्यासह ‘दुख्तर-ए-लोर’ हा फारसी भाषेंतील पहिला बोलपट तयार झाला, तोहि मुंबईंत! पुण्यास जन्मलेल्या या गृहस्थाला भाषांचा नकाशा आमच्या पुष्कळ पंडितांहून चांगला वाचतां येत होता. त्याला नुसता नकलाकार म्हणणाऱ्यांनीं हा उद्योग एकदां डोळ्यांखालून घालावा.

त्यांच्या हातून चूक झालीच नाहीं, असें आम्ही म्हणत नाहीं. १९३७ सालचा ‘किसान कन्या’ हा रंगीत चित्रपट लोकांनीं फारसा उचलून धरला नाहीं. तेथें रंगाच्या नवलाईवर त्यांनीं भलताच भरंवसा ठेवला, आणि ज्या पहिलेपणासाठीं आज त्यांना मखरांत बसवितात, त्याचाच मोह त्यांना नडला, असें आमचें मत आहे.

आणि मखरांत बसविणाऱ्यांची भक्ति तरी केवढी? पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालीं निघालें. इराणी १९६९ पर्यंत हयात होते. तरीहि ‘आलम आरा’ची एकहि प्रत आज कोठें उपलब्ध नाहीं. जुन्या फिती चांदीसाठीं गाळल्या जात असतां कोणाला हळहळ वाटली नाहीं. त्या चित्रपटाच्या गाण्यांच्या ध्वनिमुद्रिकाहि निघालेल्या नव्हत्या. म्हणजे आज ‘आलम आरा’ला जे ओबडधोबड म्हणतात त्यांनीं तो पाहिलेला नाहीं, आणि ज्यांना त्यांतील गाणीं खटकतात त्यांनीं तीं ऐकलेलीं नाहींत.