ओठ फुटला, पण कशाने?

ओठाला लागलेला किरकोळ मार दवाखान्यात फार वेळ घेत नाही. जखम धुवायची, गरज असेल तर दोन टाके घालायचे, धनुर्वाताचे इंजेक्शन द्यायचे, की रुग्ण घरी. अमेरिकेत मात्र त्यानंतर कागदावरचे काम सुरू होते. विम्याचे पैसे मिळायचे तर निदानाला ठरलेला कोड द्यावा लागतो आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून तो आयसीडी-१० या आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या अमेरिकी आवृत्तीतून घ्यावा लागतो. त्याआधीच्या आवृत्तीत खरचटलेल्या ओठाला स्वतःची जागाच नव्हती. चेहरा, मान आणि डोके सगळे ९१० या एकाच क्रमांकाखाली जाई. आता ओठ खरचटला तर एस००.५११, मुका मार बसला तर एस००.५३१, किडा चावला तर एस००.५६१. ओठ फाटला आणि जखमेत काही अडकलेले नसले तर एस०१.५११, अडकलेले असले तर एस०१.५२१. शेवटी आणखी एक अक्षर लागते: उपचार चालू आहेत, जखम भरत असतानाची तपासणी आहे, की मागे राहिलेल्या परिणामासाठी रुग्ण आला आहे, हे सांगणारे. एवढा बारकावा असूनही ओठ फुटला कशाने, हे यातल्या बहुतेक कोडमधून कळत नाही. कारणाचे कोड वेगळ्या प्रकरणात आहेत आणि ते लिहिण्याची देशभर लागू अशी सक्ती अमेरिकेत नाही. काही राज्ये आणि काही विमा कंपन्या ते मागतात, बाकी ठिकाणी ते ऐच्छिक. माझे म्हणणे असे की, किरकोळ जखमेच्या नोंदीत कारण हाच सर्वांत मोलाचा भाग आहे आणि तोच ऐच्छिक ठेवणे चूक आहे.

शरीरशास्त्राचा बारकावा निरुपयोगी आहे, असे नाही. दात तुटला आणि ओठही फाटला असेल, तर दाताचा तुकडा ओठात रुतला आहे का हे पाहावेच लागते. अडकलेल्या वस्तूसाठी वेगळा कोड असल्याने तो प्रश्न निदान कागदावर तरी येतो. चाव्याचे उदाहरण याहून बोलके आहे. वरवरच्या चाव्याला एस००.५७१ आणि उघड्या जखमेच्या चाव्याला एस०१.५५१ हा फरक कारकुनी वाटतो, पण रेबीजच्या उपचारात जवळपास हीच सीमारेषा आहे. कातडी भेदणारा एकच चावा असला, तरी जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गवारीत तो तिसऱ्या गटात जातो आणि लशीबरोबर जखमेत इम्युनोग्लोब्युलिनही द्यावे लागते. ओठाच्या आतल्या ओलसर पृष्ठभागाला बाधित जनावराची लाळ लागणे हेही तिसऱ्या गटातच धरले जाते. तरीही एस०१.५५१ हा कोड चावले कोण हे सांगत नाही. कुत्रा होता, हे डब्ल्यू५४.० मधून कळते. माणूस असेल तर आणखी दोन वाटा: चुकून लागलेला दात डब्ल्यू५०.३, मारहाणीतला चावा वाय०४.१. जखम तीच, टाके तेच, पण पुढे करायच्या गोष्टी सर्वस्वी वेगळ्या.

यातला सर्वांत गंभीर दोष मला एका नियमात दिसतो. जखमेमागचा हेतू नोंदीत दिलेला नसेल, तर अमेरिकी मार्गदर्शक नियमांनुसार तो अपघात समजूनच कोड द्यायचा असतो. ‘हेतू अनिश्चित’ असा पर्याय आहे, पण हेतू ठरवता येत नाही असे डॉक्टरांनी स्वतः लिहिले असेल तरच तो वापरता येतो. म्हणजे ज्या बाईचा ओठ घरात फुटला, जिने ‘पडले’ एवढेच सांगितले आणि जिला कोणी पुढे विचारले नाही, तिची नोंद अपघात म्हणून पक्की होते. कोड देणाऱ्या माणसाला यात दोष देता येत नाही. हैदराबाद, चेन्नई किंवा पुण्यात बसून अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या नोंदी वाचणाऱ्या आपल्याकडच्या हजारो तरुणांसमोर रुग्ण नसतो, फक्त डॉक्टरांची टिपणे असतात आणि त्यात नसलेले काही गृहीत धरायला त्यांना मनाई आहे, ती योग्यच. पण विचारलेच नाही याची नोंद ‘अपघात’ अशी होत असेल, तर वर्षाअखेरचा तक्ता कितीही नीटनेटका दिसला तरी तो खोटे सांगतो.

यावर पहिला आक्षेप वेळेचा. डॉक्टरांना आधीच श्वास घ्यायला फुरसत नाही, त्यात ही भर कशाला? आक्षेप खरा आहे, पण मग कात्री योग्य ठिकाणी लावावी. ओठ वरवर दुखावल्याचे आठ प्रकार ज्या व्यवस्थेला परवडतात, तिला कारणाच्या सहा खुणा परवडायला हरकत नसावी. पेटलेल्या वॉटर स्कीमुळे भाजल्याच्या कोडची अमेरिकेत पुष्कळ थट्टा झाली. अशा टोकाच्या नोंदी खुशाल काढून टाकाव्यात. त्यांच्यामुळे मारहाण आणि कुत्र्याचा चावा या रोजच्या कारणांचे महत्त्व कमी होत नाही.

दुसरा आक्षेप मला अधिक जड वाटतो. मारहाणीचा कोड बिलावर गेला आणि विमा नवऱ्याच्या नावावर असला, तर उपचारांचा तपशील देणारे पत्र त्याच्याच हाती पडते. नोंदीमुळेच बाईवर पुन्हा हात उगारला जाण्याची भीती असेल, तर ती नोंद करा असा आग्रह कोणी धरू नये. म्हणून बिल आणि नोंद यांची फारकत करायला हवी. कारण रुग्णाच्या वैद्यकीय नोंदीत राहावे, नाव वगळून सार्वजनिक आरोग्याच्या आकडेवारीत जावे, पण विमा कंपनीकडे जाणाऱ्या कागदावर ते असण्याची गरज नाही. रुग्णाला बोलायचे नसेल, तर ‘सांगितले नाही’ असे लिहावे. ‘अपघात’ हा शब्द त्या जागी येऊ नये.

भारतात हा प्रश्न अधिक तातडीचा आहे, कारण आपण जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरतो आणि तिच्यात ओठ व तोंडाच्या किरकोळ जखमांना दोनच घरे आहेत: वरवरची जखम एस००.५, उघडी जखम एस०१.५. कारण जोडले नाही, तर या दोन आकड्यांतून हाती काहीच लागत नाही. विमा दाव्याच्या ठरावीक अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१० ची जागा आहे, पण तो अर्ज मुख्यतः दाखल झालेल्या रुग्णांचा. फुटलेला ओठ कॅज्युअल्टीतूनच परत जातो. केसपेपरवर ‘सीएलडब्ल्यू, वरचा ओठ’ (सीएलडब्ल्यू म्हणजे ठेचून फाटलेली जखम) आणि ‘पडल्याचे सांगतात’ एवढे लिहिले जाते. मेडिको-लीगल केस झाली तर तपशील रजिस्टरमध्ये जातो, पण तो पोलिसांसाठी. त्यावरून वस्तीतल्या कुत्र्यांचा किंवा दुचाकीवरून पडणाऱ्यांचा हिशेब सहसा कोणी मांडत नाही. त्याच केसपेपरवर ‘सीएलडब्ल्यू’च्या खाली सहा पर्याय छापता येतील: पडून, वाहन, प्राणी, खेळ किंवा काम, मारहाण, सांगितले नाही. खूण करण्याआधी सोबत आलेल्या माणसाला बाहेर बसवून रुग्णाशी दोन मिनिटे बोलावे लागेल. कॅज्युअल्टीच्या गर्दीत ही दोन मिनिटे महाग आहेत आणि ती मिळावीत म्हणून तिथे आणखी एक परिचारिका नेमावी लागली, तर ती नेमावी.