‘इतर’ नावाच्या रकान्यात

रायपूरच्या पुरानी बस्तीत, महामाया मंदिराच्या परिसरात, माझे घर आहे. सेवानिवृत्तीनंतर शेजाऱ्यांचे अर्ज, दाखले आणि विम्याचे कागद वाचून देणे हा माझा जवळजवळ पूर्णवेळ उद्योग होऊन बसला आहे. गेल्या हिवाळ्यात आमच्याच गल्लीतली तिशीची एक सून आपल्या सासूला घेऊन आली. हातात जाडजूड फाइल होती. ‘कका, पइसा काबर नइ मिलिस?’ एवढाच तिचा प्रश्न होता. पैसे का मिळाले नाहीत, याचे उत्तर त्या फाइलमध्ये शोधता शोधता मला आपल्या आरोग्यव्यवस्थेचा एक असा कोपरा दिसला, ज्याविषयी अडतीस वर्षांच्या शासकीय सेवेत मी कधी विचार केला नव्हता.

तीन वर्षांपूर्वी तिच्या थुंकीतून रक्त पडू लागले. छातीच्या क्ष-किरण चित्रात उजव्या बाजूला पाणी दिसले. क्षयाचे औषध सहा महिने दिले गेले. मध्यंतरी बरे वाटले, पुन्हा रक्त पडले, पुन्हा औषध. तिसऱ्या ठिकाणी एका तरुण डॉक्टरने तिला पाळीच्या तारखा विचारल्या. तिच्या सासूने घरातले लाला रामस्वरूपचे कॅलेंडर आणून दाखवले. रक्त पडलेल्या दिवसांवर सून पेन्सिलीने फुली मारत असे, आणि त्याच कॅलेंडरवर पाळीच्या खुणाही होत्या. चौदा महिन्यांत दोन्ही खुणा एकमेकींपासून तीन दिवसांपेक्षा अधिक दूर गेल्या नव्हत्या. पुढे दुर्बिणीतून छातीची शस्त्रक्रिया झाली, श्वासपटलावरचे डाग काढले गेले, ऊतीच्या तपासणीत निदान पक्के झाले: एंडोमेट्रिओसिस.

नवऱ्याच्या नोकरीतून मिळालेल्या सामूहिक विम्याकडे दावा गेला आणि परत आला. शेरा असा की निदान स्त्रीरोगाचे असून शस्त्रक्रिया छातीची आहे, दोहोंचा मेळ बसत नाही. रुग्णालयाच्या कागदावर संकेतांक होता एन ८०.९, म्हणजे ‘एंडोमेट्रिओसिस, तपशील नमूद नाही’. दावा तपासणाऱ्या कारकुनाला मी दोष देत नाही. त्याच्यापुढे जो तक्ता होता, त्यात तिचा आजार बसत नव्हता.

गर्भाशयाच्या आतल्या अस्तरासारखी ऊती गर्भाशयाबाहेर वाढते, हे या आजाराचे स्वरूप. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगातील सुमारे १९ कोटी स्त्रिया व मुली, म्हणजे प्रजननक्षम वयातील साधारण दहा टक्के, याने ग्रस्त आहेत. बहुतेकींत तो ओटीपोटातच असतो. परंतु ही ऊती बेंबीत, सिझेरियनच्या व्रणात, श्वासपटलावर, फुफ्फुसाच्या आवरणावर आणि क्वचित प्रत्यक्ष फुफ्फुसातही सापडते. ती जिथे असेल तिथे मासिक चक्राच्या संप्रेरकांना प्रतिसाद देते. म्हणून बेंबीतली गाठ दर महिन्याला दुखते, व्रणातली गाठ फुगते, छातीतल्या डागांमुळे पाळीच्या सुमारास फुफ्फुसाभोवती हवा किंवा रक्त साचते, बहुधा उजव्या बाजूला. रुग्ण मात्र स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जात नाही. व्रणाची गाठ शल्यचिकित्सकाकडे जाते आणि तेथे ती टाक्याची गाठ किंवा हर्निया ठरते. छातीचे दुखणे छातीच्या डॉक्टरकडे जाते, आणि आपल्या देशात उजवीकडचे पाणी व रक्ताची थुंकी पाहून प्रथम क्षयाचाच संशय येणे स्वाभाविक आहे. क्षयाच्या ओझ्याखालच्या देशात तो संशय न घेणारा डॉक्टरच निष्काळजी म्हणावा लागेल. चूक संशयात नाही. ‘हे पाळीच्या दिवसांत वाढते का?’ हा प्रश्न छातीच्या बाह्यरुग्ण विभागातल्या कागदावर छापलेलाच नसतो, आणि जे छापलेले नाही ते गर्दीत विचारले जात नाही.

आता वर्गीकरणाकडे वळू. रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण मुळात मृत्यूंच्या मोजणीसाठी जन्मले. जाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ मध्ये शिकागो येथे मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, १९०० मध्ये पॅरिसला तिची पहिली आंतरराष्ट्रीय सुधारणा झाली, आणि १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली. जिवंत माणसांचे आजार तिच्यात पद्धतशीर दाखल झाले ते तेव्हाच. मृत्यू मोजणाऱ्या यादीत, जिवे न मारता तीस वर्षे छळणाऱ्या आजाराची जागा आधीच अरुंद होती. १९९० मध्ये मान्य झालेल्या दहाव्या आवृत्तीत एन ८० या शीर्षकाखाली गर्भाशय, बीजकोष, बीजवाहिनी, ओटीपोटाचे आवरण, गुदाशय व योनी यांमधला पडदा, आतडे आणि त्वचेचा व्रण यांना स्वतंत्र अंक मिळाले. छातीला नाही. श्वासपटलावरील एंडोमेट्रिओसिसमुळे वारंवार फुफ्फुस मिटणाऱ्या रुग्णाचे वर्णन मॉरर व सहकाऱ्यांनी १९५८ मध्येच प्रसिद्ध केले होते. बत्तीस वर्षांनंतरही त्याची रवानगी एन ८०.८ मध्ये, अर्थात ‘इतर’मध्ये. आणि घाईत काम करणारा नोंदणी कर्मचारी ‘इतर’ आणि ‘तपशील नमूद नाही’ यांत फारसा भेद करीत नाही.

‘इतर’ हा शब्द मला चांगला परिचित आहे. इतिहासाचा विद्यार्थी असताना मी जुन्या मध्य प्रांताचे स्वच्छता आयुक्तांचे वार्षिक अहवाल वाचत असे. गावचा कोतवाल पोलीस ठाण्यात मृत्यू सांगे आणि मुन्शी तो पटकी, देवी, ताप, पोटाचे विकार, इजा किंवा इतर यांपैकी एका रकान्यात टाके. वर्षानुवर्षे सर्वांत मोठा आकडा तापाचा. छत्तीसगढात ‘तापाने’ इतकी माणसे मरत होती की त्या शब्दाला काही अर्थच उरला नव्हता, तरीही त्याच आकड्यांवर अंदाजपत्रके ठरत. पुढे सेवेत आल्यावर मी स्वतः तेच केले. नव्वदच्या दशकात एका जिल्ह्यात आरोग्य केंद्रांचा मासिक तक्ता माझ्याकडे आला. तो एका पानात बसावा म्हणून स्त्रियांच्या आजारांचे पाच रकाने मी एका रकान्यात मिळवले. पान नीटनेटके झाले, वरिष्ठांनी प्रशंसाही केली. त्या पाच रकान्यांत कोण होते हे मी विचारले नाही.

आज देशाचे चित्र काय आहे? वैद्यकीय प्रमाणपत्राने ज्यांचे कारण नोंदले जाते असे मृत्यू नोंदणीकृत मृत्यूंपैकी साधारण पाचातले एक. आजारांची नोंद त्याहूनही विस्कळीत. क्षयासाठी मात्र यंत्रणा चोख आहे: २०१२ पासून प्रत्येक रुग्णाची सूचना बंधनकारक आहे आणि ‘निक्षय’ संकेतस्थळावर त्याचे नाव चढते. हे योग्यच आहे. परंतु त्याचा एक परिणाम असा की छातीत एंडोमेट्रिओसिस असलेली स्त्री क्षयाच्या आकड्यांत दिसते, ‘उपचार पूर्ण’ म्हणून यशाच्या बाजूलाही दिसते, आणि ज्या आजाराने ती खरोखर पीडित आहे त्याच्या आकड्यांत कुठेच नसते. हा आजार भारतीय वैद्यकीय नियतकालिकांत बहुधा एकेका रुग्णाच्या वृत्तांताच्या रूपाने अवतरतो, जणू दर वेळी तो नव्यानेच सापडत आहे. सिझेरियनच्या व्रणातली गाठ ही तर आता दुर्मीळ म्हणून सोडण्यासारखी गोष्ट नाही. २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातील २१.५ टक्के प्रसूती सिझेरियनने झाल्या होत्या, खासगी रुग्णालयांत ४७.४ टक्के. जितके व्रण अधिक, तितका हा प्रश्न अधिक.

येथे कोणी म्हणेल, संकेतांकाचे एवढे काय? रायपूरला आणि महाराष्ट्रालाही याचे उत्तर ठाऊक असायला हवे. २०१२ मध्ये छत्तीसगढातील खासगी रुग्णालयांत राष्ट्रीय स्वास्थ्य बीमा योजनेच्या कार्डावर अनावश्यक गर्भाशये काढली गेल्याचे उघड झाले. कार्डावर कुटुंबामागे तीस हजार रुपयांचे संरक्षण होते आणि ‘पिशवी काढणे’ या शस्त्रक्रियेला ठरलेला दर होता. बिहार, राजस्थान व छत्तीसगढातील अशा प्रकरणांवर डॉ. नरेंद्र गुप्ता यांच्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने ५ एप्रिल २०२३ रोजी निकाल दिला आणि केंद्राची मार्गदर्शक तत्त्वे राज्यांनी स्वीकारावीत असे निर्देश दिले. बीडच्या ऊसतोडणी कामगार स्त्रियांचे २०१९ मधले प्रकरण मराठी वाचकांना सांगायला नको. या सर्वांत समान धागा एकच: पैसे शस्त्रक्रियेच्या नावावर मिळत होते, निदानाचा तपशील कोणी मागत नव्हते. ‘पोटात दुखते’ एवढे पुरेसे होते. उद्या ‘एंडोमेट्रिओसिस’ हा मोघम शब्दही तसाच पुरेसा ठरू शकतो, ही भीती मला खोटी वाटत नाही. म्हणूनच जागा कोणती आणि निदान कशावरून पक्के केले, हे दोन प्रश्न नोंदीत असले पाहिजेत. ज्या स्त्रीचा आजार श्वासपटलावर किंवा पोटावरच्या व्रणात आहे, तिची पिशवी काढल्याने ते डाग जात नाहीत.

अमेरिकेने आपल्या देशी आवृत्तीत १ ऑक्टोबर २०२२ पासून एन ८० चा मोठा विस्तार केला. मूत्राशय, छाती, उदर आणि ओटीपोटातील मज्जातंतू यांना वेगळे उपगट मिळाले. छातीत आवरण, फुफ्फुस, श्वासपटल, हृदयावरण असे भेद झाले. बेंबी आणि पोटाची पुढची भिंत यांनाही स्वतःचे अंक आले. काही ठिकाणी उजवे, डावे, वरवरचे, खोलवरचे इतके बारकावे आहेत की ते वाचून आमच्या जिल्हा रुग्णालयातला एकटा नोंदणी कर्मचारी राजीनामाच देईल. तिथल्या संकेतांकांमागे विमा कंपन्यांच्या बिलांचा रेटा आहे हेही खरे. ती यादी उचलून आणावी असे मी म्हणत नाही. आपल्याला छाती, बेंबी, शस्त्रक्रियेचा व्रण, मूत्रमार्ग, आतडे आणि मज्जातंतू इतके भेद पुरेत.

आणि यासाठी फार काही नव्याने घडवायचेही नाही. १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीत मूळ संकेतांकाला शरीरातील जागेचा संकेतांक जोडता येतो. आयुर्वेद, सिद्ध व युनानी निदानांना त्याच आवृत्तीत स्थान मिळावे म्हणून आपल्या सरकारने चिकाटीने काम केले आणि जानेवारी २०२४ मध्ये दिल्लीत त्या विभागाचे समारंभपूर्वक प्रकाशन झाले. म्हणजे इच्छा असेल तर वर्गीकरणाच्या कामाला दिल्लीत वेळ मिळतो. वैद्यकीय संज्ञांचा स्नोमेड हा कोश २०१४ पासून भारताला उपलब्ध आहे आणि त्याचे राष्ट्रीय केंद्र पुण्यात सी-डॅकमध्ये आहे. फुफ्फुसातल्या आणि व्रणातल्या एंडोमेट्रिओसिसला तिथे स्वतंत्र संज्ञा आहेत. पुण्यात शब्द आहे, रायपूरच्या कागदावर रकाना नाही, अशी ही स्थिती.

खरी संधी मला दुसरीकडे दिसते. आयुष्मान भारत योजनेची २०२२ ची पॅकेज-यादी १,९४९ उपचारांची आहे. तिचा पाया शस्त्रक्रिया हा आहे. त्याच वेळी राष्ट्रीय आरोग्य प्राधिकरणाने निदान-गटांवर आधारित देयकपद्धतीचा प्रयोग पाच राज्यांसाठी जाहीर केला: छत्तीसगढ, हरियाणा, केरळ, महाराष्ट्र आणि मेघालय. या पद्धतीत रुग्णालयाला पैसे निदानाच्या गटानुसार मिळतात. गट ठरवताना एन ८० ला सरसकट स्त्रीरोगाच्या खोलीत बसवले, तर छातीची शस्त्रक्रिया करणाऱ्या रुग्णालयाला गर्भाशयाच्या शस्त्रक्रियेचा दर मिळेल, आणि तो परवडत नाही म्हणून रुग्णालय निदानच बदलून लिहील. क्षयाच्या नावाने किंवा ‘फुफ्फुसाचा इतर विकार’ म्हणून. खोटी नोंद अशा रीतीने व्यवस्थाच शिकवते. मी ती महसूल खात्यात शिकवलेली पाहिली आहे. छत्तीसगढ आणि महाराष्ट्र या दोन राज्यांनी निदान हा एक गट एकत्र बसून ठरवायला हरकत नसावी. छाती व शल्यचिकित्सा विभागांच्या केसपेपरवर पाळीविषयीची एक ओळ छापायला तर दिल्लीची परवानगीही लागत नाही.

शेजारच्या सुनेचा फेरविचाराचा अर्ज मीच लिहून दिला. रुग्णालयाने संकेतांक दुरुस्त करून एन ८०.८ केला आणि त्यापुढे ‘श्वासपटल’ हा शब्द पेनाने लिहून शिक्का मारला, कारण त्यांच्या संगणकात तो शब्द भरायला जागा नव्हती. अर्जासोबत ऊती-तपासणीचा अहवाल आणि कॅलेंडरच्या चौदा पानांच्या छायाप्रती जोडल्या. मूळ पाने सासूबाईंनी परत मागून घेतली. त्यांच्या मागच्या बाजूला दुधाचा हिशेब आहे. निर्णय अजून आलेला नाही.