भरपाई आहे, सांगणारा कुणी नाही

२०२२ मध्ये देशात धडक देऊन वाहन पळून गेल्याचे ६७,३८७ अपघात नोंदले गेले. त्यांत ३०,४८६ माणसे गेली. अशा मृताच्या वारसांना दोन लाख आणि गंभीर जखमींना पन्नास हजार रुपये देणारी केंद्राची नवी योजना त्याच वर्षीच्या १ एप्रिलपासून लागू झाली. तरीही २०२२-२३ मध्ये सबंध देशातून अर्ज आले फक्त २०५, आणि त्यांपैकी ९५ निकाली निघाले. जानेवारी २०२४ मध्ये हे आकडे सर्वोच्च न्यायालयाच्या निकालपत्रात नमूद झाले. त्यानंतर खरे तर प्रत्येक जिल्ह्यात धावपळ उडायला हवी होती.

हे मरणारे कोण? रस्त्याच्या कडेने पायी चाललेला मजूर, पाळी संपवून सायकलवरून घरी निघालेला कामगार, पाठीमागे दिवा नसलेल्या दुचाकीवरचा तरुण. १ जुलै २०२३ रोजी समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ बस पेटून २५ प्रवासी दगावले, तेव्हा मुख्यमंत्री घटनास्थळी गेले आणि वारसांना पाच लाखांची मदत जाहीर झाली. ती योग्यच होती. पण रात्री एकट्याने मेलेल्या माणसाच्या दारात कुणी मंत्री येत नाही. तिथे पंचनामा होतो, अज्ञात वाहनचालकाविरुद्ध गुन्हा दाखल होतो आणि काही महिन्यांनी ‘अ’ समरी, म्हणजे ‘गुन्हा खरा, पण आरोपी सापडला नाही’ असा अहवाल, मंजूर होऊन फाइल बंद होते. ‘गाडीच सापडली नाही, मग पैसे देणार कोण?’ असे म्हणून घरचेही गप्प बसतात. नेमक्या अशाच घरांसाठी ही योजना आहे, हे त्यांना कुणी सांगितलेलेच नसते.

योजनेची वाट लांबलचक नाही. अर्ज तहसीलदार किंवा प्रांताधिकाऱ्यांकडे द्यायचा. त्यांनी महिन्याभरात चौकशी अहवाल जिल्हाधिकाऱ्यांकडे पाठवायचा, जिल्हाधिकाऱ्यांनी पंधरा दिवसांत मंजुरी द्यायची आणि पुढच्या पंधरा दिवसांत रक्कम थेट बँक खात्यात जमा व्हायची. त्यासाठी निधीही वेगळा काढलेला आहे. सर्वोच्च न्यायालयाने याहून पुढे जाऊन पोलिसांवर जबाबदारी टाकली. महिन्याभरात वाहनाचा तपशील मिळाला नाही, तर ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यांनी वारसांना या भरपाईची माहिती लेखी द्यायची आणि अपघाताचा अहवाल चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे तहसीलदार किंवा प्रांताधिकाऱ्यांकडे, धाडायचा. दर दोन महिन्यांनी जिल्ह्याच्या देखरेख समितीने या कामाचा आढावा घ्यायचा. आपल्या जिल्ह्यात अशी किती पत्रे गेली, हे पोलीस अधीक्षकांनी जाहीर करावे. ज्या ठाण्यातून एकही पत्र गेले नसेल, तिथल्या अधिकाऱ्याकडून खुलासा मागवावा. पत्र न पाठवणे हा न्यायालयाच्या आदेशाचा भंग आहे.

आणखी एक गोष्ट फार थोड्यांच्या ध्यानात येते. पंचवीस वर्षांचा, महिना बारा हजार कमावणारा, मागे पत्नी आणि दोन मुले असलेला मजूर घ्या. त्याला उडवणारे विमा असलेले वाहन सापडले आणि चालकाची चूक सिद्ध झाली, तर न्यायालयाने घालून दिलेल्या हिशेबाने उत्पन्नात ४० टक्के वाढ धरायची, त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी एक तृतीयांश वजा करायचा आणि राहिलेल्या वार्षिक रकमेला १८ ने गुणायचे. हा आकडा चोवीस लाखांवर जातो. चालकाची चूक सिद्ध न करताही कायद्यात पाच लाखांची तरतूद आहे. आणि वाहन सापडलेच नाही, तर फक्त दोन लाख. म्हणजे टोलनाक्याचे चित्रण वेळेत ताब्यात घेतले नाही, फास्टॅगच्या नोंदी तपासल्या नाहीत, पेट्रोलपंपावरचा कॅमेरा पाहिला नाही, तर आरोपी सुटतोच, शिवाय त्या विधवेचे बावीस लाखही जातात. तपासातील या हलगर्जीपणाची किंमत पोरकी झालेली मुले शाळा सोडून मोजतात. हे आम्हाला सहन होण्यासारखे वाटत नाही, सरकारलाही वाटता कामा नये.

दोन लाख ही रक्कमही आता तोकडी आहे. पूर्वीच्या पंचवीस हजारांच्या मानाने ती मोठी दिसते, एवढेच. ती दरवर्षी वाढवता येईल का, याचा विचार करायला न्यायालयाने केंद्राला सांगितले होते. निदान पाच लाखांची बरोबरी व्हायलाच हवी. अपघात तोच, मृत्यू तोच, आणि वाहन पळाले यात मृताचा काहीच दोष नाही.

तोवर गावागावांतल्या पोलीस पाटलांनी, सरपंचांनी आणि शिक्षकांनी एवढे तरी करावे. तुमच्या गावात कुणाला अज्ञात वाहनाने मारले असेल, तर त्या घरी जा. एफआयआरची प्रत, शवविच्छेदन अहवाल किंवा मृत्यूचा दाखला, मृताचे व वारसाचे ओळखपत्र आणि बँकेचे पासबुक एवढी कागदपत्रे घेऊन त्यांना तहसील कार्यालयात न्या. त्यासाठी वकील लावावा लागत नाही. अर्ज दिला की त्याची पोच मात्र आठवणीने मागून घ्या.