गंगाधरपंतांचा ट्रक आणि आमची आजी

समजा, तुमच्या हातात एक रिमोट दिला. टीव्हीचा नाही, काळाचा. रिवाइंड आहे, पॉज आहे, डिलीट आहे. पहिलं बटण कुठलं दाबाल?

लंच टेबलवर हा प्रश्न टाकून बघा. अर्धी जनता म्हणते, 'एक्सला डिलीट!' उरलेली म्हणते, अप्रेझलच्या मीटिंगमध्ये जे बोललो ते परत घ्यायचंय. मागे जाऊन सम्राट अशोकाला भेटायचंय, असं कुणीच म्हणत नाही.

हॉलिवूडला आपली ही गरज बरोबर कळलीय. 'मेन इन ब्लॅक' (१९९७) मध्ये पेनसारखी एक कांडी समोर धरतात, लाइट चमकतो आणि समोरचा सगळं विसरतो. 'इटर्नल सनशाइन ऑफ द स्पॉटलेस माइंड' (२००४) मध्ये तर ब्रेकअपनंतर आठवणी पुसून देणारी कंपनीच आहे. गंमत म्हणजे, आठवणी पुसल्या जात असतानाच हीरोला वाटायला लागतं, अरे थांबा, ही एवढी तरी राहू द्या!

पण बॉस, मराठीतही एक भारी मशीन आहे. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतलं. यंत्र म्हणजे काय, तर एक साधा ट्रक. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत ट्रकला धडकतात आणि थेट अशा जगात पोचतात जिथे १७६१ ची पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलीय. विश्वासरावांना लागलेली गोळी तिथे कानाजवळून निघून जाते. बस्स, फरक एवढाच. बाकी सगळा इतिहास वेगळा. पंत परत येतात तेव्हा खिशात उरतं त्या जगातल्या बखरीचं एक फाटकं पान. नारळीकर २०२५ च्या मे महिन्यात गेले. तेव्हा मी ही कथा पुन्हा वाचली आणि वीकेंडला घरी गेले.

घर म्हणजे नगर. २०२४ पासून कागदोपत्री अहिल्यानगर. अहिल्यादेवींचं जन्मगाव चौंडी आमच्याच जिल्ह्यातलं. पण एसटीत बसताना तोंडातून अजून 'एक नगर' असंच जातं. तसंही आमच्या गावाला काळाशी खेळायची जुनी सवय आहे. डोंगरावरची ती तीन मजली अष्टकोनी इमारत खरं तर सलाबतखानाची कबर. पण विचारा कुणालाही, उत्तर एकच, 'चांदबिबीचा महाल'. आणि आमच्या भुईकोट किल्ल्यात नेहरू १९४२ ते १९४५ कैदेत होते. तिथेच १९४४ च्या एप्रिल ते सप्टेंबर या पाच महिन्यांत त्यांनी 'डिस्कव्हरी ऑफ इंडिया' लिहिलं. किल्ल्याबाहेर पाऊल टाकता येत नव्हतं, म्हणून माणूस हजारो वर्षं मागे फिरून आला!

आमच्या सावेडीतल्या घरात माझी आजी आहे. तिला तर ट्रकही लागत नाही.

आजी चौऱ्याऐंशीची. डॉक्टरांनी डिमेन्शिया सांगितलाय. संध्याकाळचे सात वाजले की ती दाराकडे बघते आणि विचारते, ''हे आले का गं ड्युटीवरनं?'' आजोबा एसटीत कंडक्टर होते. २००९ मध्ये गेले.

मी पडले पत्रकार. फॅक्ट चेक हा आमचा धर्म. मी शांतपणे सांगितलं, ''आजी, आजोबा गेले ना. किती वर्षं झाली.'' तिचा चेहरा पडला. पदर तोंडाला लावून ती रडली. थोड्या वेळाने विसरली आणि पुन्हा दाराकडे बघायला लागली. मी पुन्हा खरं सांगितलं. ती पुन्हा रडली, अगदी पहिल्यांदाच ऐकल्यासारखी. कारण तिच्यासाठी ती पहिलीच वेळ होती. एका वीकेंडमध्ये मी माझ्या आजीला तीनदा विधवा केलं.

चौथ्यांदा आई पोळ्या लाटता लाटता स्वयंपाकघरातूनच म्हणाली, ''येतील हो आई, गाडी लेट आहे. तुम्ही जेवून घ्या.''

आजी लगेच म्हणाली, ''पाथर्डीची गाडी असणार. करंजीच्या घाटात लेट होती ती.'' आणि व्यवस्थित जेवली.

रात्री मी आईशी भांडले. म्हटलं, ''खोटं का बोलतेस तिच्याशी?''

''मग काय करू? रोज सुतक पाळू?''

माझ्याकडे उत्तर नव्हतं. पण आईचं खरं-खोटं माझ्यापेक्षा जास्त पक्कं आहे, हे नंतर कळलं. तिनेच सांगितलं, मागे एका पहाटे आजी एकदम भानावर आली होती. नीट डोळ्यांत बघून तिने विचारलं, ''गेले ना गं हे?'' तेव्हा आई 'गाडी लेट आहे' म्हणाली नाही. 'हो' म्हणाली आणि उजाडेपर्यंत तिचा हात धरून बसली.

आपण रिमोट मागतो तो स्वतःसाठी. आपलं दुखणं पुसायला, आपली चूक दुरुस्त करायला. आईने तो समोरच्यासाठी वापरला. आजी ज्या काळात असेल तिथे ती जाते. आजीला ओढून आपल्या काळात आणत नाही.

रविवारी संध्याकाळी सात वाजता आजीने विचारलं तेव्हा मी तिच्याजवळ जाऊन बसले. म्हटलं, ''आजी, आजोबा तिकीट कसं द्यायचे गं?'' ती हसली. दोन बोटांनी हवेत तिकिटाला पंच मारून दाखवला, तोंडाने 'टिक' केलं. मग तासभर बोलत होती. एकदा घाटात गाडी बंद पडली, तेव्हा आजोबांनी स्वतःचा डबा प्रवाशांच्या पोरांना वाटला होता म्हणे. ही गोष्ट मला माहीतच नव्हती. माझं फाटकं पान मला मिळालं.

सोमवारी सकाळी अकराला पुण्यात क्लायंट मीटिंग होती. पहाटेची एसटी धरायला बॅग घेऊन निघाले, तर आजी जागी होती. म्हणाली, ''बस की गं जरा.''

बसले. आणि क्लायंटला मेसेज टाकला, 'सॉरी, गाडी लेट आहे.'