पेटीतले कागद आणि गोदामातला कागद

दसऱ्याच्या आसपास चंद्रपूरच्या दीक्षाभूमीवरून परतणाऱ्या एसटी गाड्या आमच्या ब्रह्मपुरीत थांबतात, तेव्हा उतरणाऱ्यांच्या पिशव्यांत हमखास पुस्तके असतात. नागपूरनंतर दोनच दिवसांनी, १६ ऑक्टोबर १९५६ रोजी, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चंद्रपुरातही धम्मदीक्षा दिली. तेव्हापासून आमच्या या धानाच्या मुलखात पुस्तक विकत घेणे ही केवळ शिकलेल्यांची हौस उरलेली नाही. हंगाम तोंडावर आलेला, हाताशी पैसा बेताचा. तरी माणसे पुस्तक घेतात. आणि त्यांतले पुष्कळ जण विचारतात, "सरकारी खंड मिळतात का हो?"

प्रश्न साधा आहे, पण तो एका कोपऱ्यातल्या गावापुरता नाही. राष्ट्र उभारणाऱ्या माणसांचे कागद जपायचे कोणी, छापायचे कोणी आणि ते सामान्य वाचकाच्या हाती पोचतात की नाही हे पाहायचे कोणी, असा तो प्रश्न आहे.

६ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेब गेले, तेव्हा त्यांच्या हस्तलिखितांचा मोठा भाग अप्रकाशित होता. वारसाहक्काच्या वादात हे कागद न्यायालयीन ताब्यात गेले आणि दिल्लीत वर्षानुवर्षे पेट्यांत पडून राहिले. पुढे महाराष्ट्र शासनाने त्यांच्या प्रकाशनासाठी समिती नेमली आणि १९७९ साली पहिला खंड निघाला. संपादनाची धुरा वाहिली ती नागपूरच्या वसंत मून यांनी. महसूल खात्यात नोकरी केलेल्या या माणसाने जीर्ण, विस्कळीत पाने जुळवून एकामागून एक खंड सिद्ध केले. मून २००२ साली गेले. नंतरच्या संपादकांनी काम पुढे नेले आणि खंडांची संख्या विशीपार गेली.

या खंडांत काय नाही? जातिसंस्थेची चिकित्सा आहे, मुंबई विधिमंडळातली आणि गोलमेज परिषदेतली भाषणे आहेत, संविधान सभेतले वादविवाद आहेत, हिंदू कोड बिल आहे. मी आयुष्य बँकेत काढले, म्हणून माझा जीव सहाव्या खंडात गुंततो. १९२३ सालचा रुपयाच्या प्रश्नावरचा ग्रंथ त्यात आहे. चलनाची किंमत घसरली की झळ आधी मजुराला लागते, ही गोष्ट रिझर्व्ह बँक जन्मण्याच्या बारा वर्षे आधी एका तरुण अभ्यासकाने आकड्यांनिशी मांडली होती. बाबासाहेबांना एका समाजाचे पुढारी म्हणून बाजूला ठेवणाऱ्यांनी हा एक खंड तरी चाळावा.

सरकारने छापण्याचे लाभ उघड आहेत. खासगी प्रकाशकाला न झेपणारा पसारा सरकारला झेपतो आणि किंमत गरिबाच्या आवाक्यात राहते. १९६९ साली राज्य साहित्य संस्कृती मंडळाने महात्मा फुले यांचे समग्र वाङ्मय काढले, त्याचाही अनुभव हाच. पण छापणारा सत्ताधारी असला की दोन धोके येतात. एक छेडछाडीचा, दुसरा आळसाचा.

पहिला धोका १९८७-८८ मध्ये दिसला. चौथ्या खंडातल्या राम-कृष्णांविषयीच्या प्रकरणावरून वादळ उठले, खंड जाळला गेला, प्रकरण वगळण्याची मागणी झाली आणि उलट बाजूने मुंबईत प्रचंड मोर्चा निघाला. अखेर प्रकरण कायम राहिले. शासन या मतांशी सहमत नाही, अशी टीप तेवढी जोडली गेली. मला ही तडजोड शहाणपणाची वाटते. टीप हवी तर द्या, पण मूळ शब्दाला हात लावू नका. गांधीजींच्या शंभर खंडांच्या बाबतीत हे पथ्य सुटले. १९९८ पासून काढलेल्या सुधारित आवृत्तीत मजकूर गळल्याचे अभ्यासकांनी दाखवून दिले आणि ती आवृत्ती २००५ मध्ये मागे घ्यावी लागली.

दुसरा धोका गाजत नाही, म्हणूनच तो अधिक वाईट. डिसेंबर २०२१ मध्ये 'लोकसत्ता'ने बातमी दिली, की नऊ लाख प्रती छापण्याचे ठरले, त्यासाठी ५ कोटी ४५ लाखांचा कागद घेतला, आणि चार वर्षांत छापल्या गेल्या जेमतेम ३३ हजार प्रती. कागद गोदामात पडून होता. मुंबई उच्च न्यायालयाने या बातमीची स्वतःहून दखल घेऊन ती जनहित याचिका म्हणून चालवायला घेतली. आधी पेटीत अडकलेले कागद आणि मग गोदामात अडकलेला कागद! पुस्तकावर बंदी घातली तर माणसे रस्त्यावर येतात. 'साठा संपला' म्हटले की मुकाट्याने घरी जातात.

बँकेत तिजोरीच्या दोन किल्ल्या दोन अधिकाऱ्यांकडे असतात. कोणी लबाड आहे म्हणून नव्हे, तर कोणा एकाच्या लहरीवर ठेवीदाराची पुंजी अवलंबून राहू नये म्हणून. या वाङ्मयाचीही एक किल्ली समाजाच्या हाती हवी. लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी स्वामित्वहक्क संपतो. म्हणून बाबासाहेबांच्या हयातीत प्रसिद्ध झालेले लेखन २०१७ पासून सर्वांसाठी खुले झाले. पण मरणोत्तर प्रथम छापलेल्या लेखनाची साठ वर्षे प्रकाशनापासून मोजतात. म्हणजे पेटीतून निघालेल्या कागदांवर कुलूप आणखी पुष्कळ वर्षे राहील.

अमेरिकेत जेफर्सनच्या पत्रव्यवहाराचा पहिला खंड १९५० साली निघाला. ते काम अजूनही संपलेले नाही. पण वॉशिंग्टन, जेफर्सन आदींचे छापून झालेले कागद २०१३ पासून संगणकावर कोणालाही फुकट वाचता येतात. आपल्याकडेही इंग्रजी खंड संगणकावर आले आहेत. मात्र बहुतेक खंड इंग्रजीत, आणि आमच्याकडे खंड मागणारा वाचक मराठी! त्याला चांगला अनुवाद हवा आणि हातात धरायला पुस्तक हवे. अनुवादकांना योग्य मोबदला, छपाईचे जाहीर वेळापत्रक आणि कोणत्या खंडाच्या किती प्रती शिल्लक आहेत याचा दर तिमाहीला प्रसिद्ध होणारा ताळेबंद, एवढ्या तीन गोष्टींना कोणताही नवा कायदा लागत नाही.

ठेव ठेवीदाराची असते, बँकेची नव्हे. ती मागायला आलेल्या माणसाला रिकाम्या हाताने परत पाठवणारी बँक फार दिवस विश्वासाला पात्र राहत नाही. सरकारचेही तसेच आहे.